आप्पांच्या चपलेचा चा-चा-चा

मला पोर्तुगीज भाषा येत नाही. हे सुरुवातीलाच सांगितलेलं बरं, कारण कलकत्त्यात सात वर्षं मी त्या भाषेतली गायिका म्हणून ओळखली जात होते. अजूनही त्या काळातला कुणी भेटला की नमस्कार करायच्या ऐवजी एक हात पोटावर ठेवतो आणि दोन पावलं पुढे, दोन मागे करून दाखवतो. माझे गुडघे आता त्या लायकीचे राहिलेले नाहीत. मी खुर्चीतूनच मान डोलावते.

मी सुमन पटवर्धन. आमचे आप्पा हवामान खात्यात होते. मी बारा वर्षांची असताना त्यांची नागपूरहून कलकत्त्याला बदली झाली आणि आम्ही दक्षिण कलकत्त्यातल्या सरकारी क्वार्टरात राहायला आलो. आप्पांचं एक वाक्य घरात रोज ऐकू यायचं, "अंदाज चुकला तर चालतो, नोंद चुकता कामा नये." पाऊस पडणार म्हणून सांगितलं आणि पडला नाही, याचं त्यांना काही वाटत नसे. पण पडलेला पाऊस कुणी दोन थेंब कमी लिहिला, तर त्यांचं जेवण जात नसे.

मॅट्रिकनंतर टायपिंग शिकून मी एस्प्लनेडजवळच्या एका वाद्यांच्या दुकानात लागले. तिथे सिरिल यायचा, सॅक्सोफोनच्या पट्ट्या घ्यायला. सिरिल म्हणजे अँग्लो-इंडियन, चाळिशीचा, केस चापून बसवलेला, बूट आरशासारखे. पार्क स्ट्रीटवरच्या एका रेस्टॉरंटमध्ये त्याचा डान्स बँड वाजायचा. नाव 'सिरिल सेव्हन'. माणसं पाच. उरलेले दोघं कुठे आहेत असं कुणी विचारलं, की तो गंभीरपणे सांगायचा, "ऑन लीव्ह." बँडमध्ये गाणारी मुलगी लग्न करून इंग्लंडला गेली आणि त्याच आठवड्यात सिरिलनं मला टाइप करताना गुणगुणताना ऐकलं. आधी शास्त्रीय शिकलीस का, असं त्यानं विचारलं. मी मोठ्या अभिमानानं, चार वर्षं, असं सांगितलं. तो म्हणाला, "कोई बात नहीं. भूल जाएगी."

घरी मी सांगितलं, रविवारी सकाळी एके ठिकाणी गायला जाते. आईनं भजनाचा अर्थ घेतला. मी तो दुरुस्त केला नाही.

आता डान्स बँड म्हणजे काय ते सांगते, कारण आपल्याकडे बँड म्हटलं की लोकांना घोड्यावरचा नवरदेव आठवतो. आम्ही बसून वाजवायचो. मैफलीला लोक ऐकायला येतात, आमच्याकडे नाचायला यायचे, आणि त्याहून जास्त एकमेकांना बघायला. रविवारी अकराला सेशन सुरू व्हायचं, ते दोनपर्यंत. कॉलेजची मुलंमुली, चहा कंपन्यांतले तरुण साहेब, त्यांच्या मागे लक्ष ठेवायला आलेल्या मावश्या. सिरिलचा पहिला धडा असा, "फेस मत देखो, फीट देखो." चेहरा खोटं हसतो, पाय खोटे पडत नाहीत. पाय अडखळायला लागले की ठेका पळतोय असं समजायचं. नाचायची जागा, म्हणजे फ्लोअर, रिकामी झाली तर दोष आपला, पब्लिकचा नाही. तीन जलद गाणी झाली की एक संथ. संथ गाणं तरुणांनी जवळ यावं म्हणून, म्हाताऱ्यांनी बसावं म्हणून आणि वेटरांनी ऑर्डर घ्यावी म्हणून. एखादा गृहस्थ बीअर पिऊन दांडगाई करायला लागला तर वॉल्ट्झ लावायचा. गरगर फिरायची वेळ आली की तो बिचारा स्वतःच खुर्ची शोधतो. या उपायानं आम्ही कितीतरी भांडणं हात न लावता मिटवली.

दीडेक वर्षानं एका रेकॉर्ड कंपनीनं आम्हाला एक छोटी तबकडी करायला बोलावलं. दोन बाजू, दोन गाणी. सिरिलसाठी पहिली बाजू हेच सगळं होतं. त्यानं स्वतः बांधलेली एक संथ धून होती, 'मॅव्हिस' नावाची. मॅव्हिस त्याची धाकटी बहीण, ऑस्ट्रेलियाला निघून गेलेली. ती धून वाजवताना सिरिल डोळे मिटायचा आणि मला आमच्या हिंदुस्थानी संगीताच्या चार वर्षांची आठवण व्हायची. ती बाजू करण्यात आमचा सगळा दिवस गेला. स्टुडिओचा अर्धा तास उरला, तेव्हा दुसरी बाजू घ्यायची आठवण झाली. तिच्यासाठी सिरिलनं एक चा-चा-चा बसवला होता. हा नाच तेव्हा जोरात होता. ओळ संपली की शेवटी तीन ठोके, चा, चा, चा. शब्द एका मित्रानं इंग्रजीत लिहून दिले होते. कागद आमच्या पियानोवाल्या आग्नेलकडे होता. आग्नेल मूळचा गोव्याचा, अत्यंत सज्जन, आणि त्या दिवशी दुसराच कोट घालून आलेला.

"कागज घर पे है," तो म्हणाला.

सिरिलनं घड्याळाकडे पाहिलं. "सू, कुछ भी गा. लेकिन गा."

माझ्यापुढे कागद नसला की माझा आवाज फुटत नसे. पर्समध्ये एकच कागद होता. येताना बाजारातून काय आणायचं, त्याची आईच्या हातची यादी. मी ती स्टँडवर लावली. बादलनं, म्हणजे आमच्या ड्रमवाल्यानं, काठ्या आपटून चार मोजले आणि मी सुरू झाले:

"आलं, लसूण, कोथिंबीर! ओल्या नारळाची वाटी! आलं, लसूण, कोथिंबीर!" आणि यादीची शेवटची ओळ होती, 'आप्पांच्या चपलेचा अंगठा शिवून आणणे.' मी 'आप्पांच्या चपलेचा' इथपर्यंत पोचले आणि नेमके ते तीन ठोके आले. माझ्या तोंडून आपोआप गेलं, "आप्पांच्या चपले-चा-चा-चा!"

आग्नेल पियानोवर इतका वाकला की मला वाटलं त्याला चक्कर आली. घरी कोकणी बोलणारा माणूस, त्याला लसूण आणि चप्पल कळायला कितीसा वेळ! तो हसणं गिळत होता.

काचेचं दार उघडून कंपनीचा माणूस बाहेर आला. "सुंदर! कुठली भाषा ही?"

मी तोंड उघडलं, तोच आग्नेल डोळे पुसत म्हणाला, "पोर्तुगीज, सर."

तबकडीवर छापून आलं, 'आला लासून'. पोर्तुगीज चा-चा-चा.

'मॅव्हिस'ची बाजू कुणी वाजवली नाही. दुसरी बाजू इतकी वाजली की दुकानांतल्या तबकड्या एका अंगानंच झिजल्या. आमच्या फ्लोअरवर तर 'कोथिंबीर' आलं की तरुण मंडळी हातातले ग्लास वर करून ओरडायची, "कोतिम-बीऽऽअर!" त्या रेस्टॉरंटची बीअर त्या वर्षी जेवढी खपली त्यात आमच्या आईचा वाटा मोठा होता. बराकपूरच्या एका ऑफिसर्स मेसमध्ये तर एका कर्नलसाहेबांनी ते एका दुपारी अकरा वेळा वाजवायला लावलं. नवव्या वेळेपासून मंडळी नाच विसरून कवायत करायला लागली होती.

आणि मग दुर्गापूजा आली. आमच्या क्वार्टरांसमोरच मंडप. पूजेच्या दिवसांत आप्पा कानात कापूस घालून बसायचे, त्यामुळे सगळ्या कलकत्त्यात 'आला लासून' न ऐकलेला माणूस एकच होता, आणि तो आमच्या घरात होता. पण आईच्या कानात कापूस नव्हता. अष्टमीच्या सकाळी मी भाजी चिरत होते. भोंग्यातून माझा आवाज आला. आई झारा हातात धरून खिडकीशी गेली. सगळं गाणं उभ्यानं ऐकलं. मग वळून म्हणाली, "सुमे, ही माझी यादी आहे."

मी भाजी आणखी बारीक चिरायला लागले.

"भजन म्हणतेस ना तू?"

"मी नाही म्हटलं तसं. तू समजलीस."

खाली मंडपातली मुलं पुन्हा तेच गाणं लावून नाचायला लागली होती. आई बराच वेळ त्यांच्याकडे बघत राहिली. मला वाटलं आता रडेल. ती म्हणाली, "नारळाच्या वाटीनंतर मी अर्धा शेर बटाटे लिहिले होते. ते का गाळलेस?"

"ठेक्यात बसेनात."

"हं," आई म्हणाली. "यांना मात्र कळू देऊ नकोस. त्यांच्या चपलेचं नाव आहे त्यात."

खरी परीक्षा झाली ती बजबजला. तिथल्या एका तागाच्या गिरणीच्या क्लबात शनिवारी दुपारी नाच होता. आम्ही लोकलमधून ड्रम घेऊन गेलो. बादलच्या मोठ्या ड्रमवर एक मासेवाली बाई टोपली टेकून बसली ती थेट बजबजपर्यंत. क्लबात गिरणीचे स्कॉच साहेब, त्यांच्या बायका, आणि नदीवर तेल घेऊन आलेल्या जहाजावरचे दोन-तीन पाहुणे. आमचं गाणं संपल्यावर त्यातला एक उंच, उन्हानं रापलेला पाहुणा सरळ स्टेजपाशी आला आणि माझ्याशी भडाभडा बोलायला लागला. गिरणीचे मॅनेजर कौतुकानं म्हणाले, "हे ब्राझीलचे आहेत. यांची भाषा पोर्तुगीज!"

माझ्या हातातला माइक घामानं निसटला. सिरिल सॅक्सोफोनमध्ये काहीतरी अडकल्यासारखं बघायला लागला. आग्नेल उठला आणि इंग्रजीत म्हणाला, "सर, ही गोव्याकडची पोर्तुगीज आहे. जुनी. आता तुमच्याकडे कुणी बोलत नाही."

पाहुण्याचे डोळे भरून आले. मोडक्या इंग्रजीत तो म्हणाला, "माझी आजी बोलायची. हेच गाणं ती आम्हाला झोपवताना म्हणायची." आणि त्यानं माझा हात हातात घेऊन पुन्हा एकदा गायची विनंती केली. मी गायले. त्याच्या आजीसाठी जरा हळू गायले. परतीच्या गाडीत आम्ही पाचही जण हसत सुटलो होतो, पण मध्येच आग्नेल म्हणाला, "बिचारा किती दिवस घरी गेला नसेल," आणि मग बालिगंज स्टेशनपर्यंत कुणी हसलं नाही.

आप्पांना कळलं ते माझ्याच मूर्खपणामुळे. कार्यक्रम सिरिल ठरवायचा, मी फक्त पत्ता विचारायचे. 'कोई सरकारी क्लब है, एनुअल डे' एवढंच तो म्हणाला होता. पडदा वर गेला. दुसऱ्या रांगेत, कडेच्या खुर्चीवर, बंद गळ्याचा कोट घालून आप्पा बसले होते. अख्खं हवामान खातं समोर होतं.

मी त्या दिवशी लाल साडी नेसले होते आणि ओठ रंगवले होते. आप्पांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. मी सिरिलच्या कानाशी कुजबुजले, "माय फादर!" तो म्हणाला, "गुड, गुड," आणि चार मोजले.

पहिली दोन इंग्रजी गाणी मी छताकडे बघून म्हटली. तिसऱ्याला खात्याचे मोठे साहेब स्वतः उठले आणि म्हणाले, "ते पोर्तुगीज होऊन जाऊ दे." मी शब्द बदलायचा विचार केला. पण गाणं आता माझं राहिलं नव्हतं. पब्लिकला ते माझ्यापेक्षा पाठ होतं. मी नुसतं 'आलं' म्हटलं आणि तीनशे हवामानशास्त्रज्ञ, कारकून आणि त्यांची मुलंबाळं लसूण-कोथिंबीर करत उभी राहिली. मोठे साहेब टाळ्या वाजवत होते. सगळ्या सभागृहानं एका सुरात आरोळी ठोकली, "आप्पांच्या चपले-चा-चा-चा!" बसलेला माणूस एकच होता, आणि त्यानं हळूच पाय खुर्चीखाली ओढून घेतले.

घरी आप्पा दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी जेवताना म्हणाले, "साहेबांनी मला विचारलं, पटवर्धन, ही गायिका तुमच्या प्रांतातली वाटते, ओळखता का? मी नाही म्हणालो. सव्वीस वर्षांच्या नोकरीतली माझी पहिली खोटी नोंद."

"आप्पा, मी सोडते बँड."

"सोड असं कोण म्हणतंय?" आप्पांनी भाताचा कालवलेला घास तसाच ठेवला. "गातेस बरी. वरचा षड्ज जरा चढा लागतो. पण भाषा मराठी आणि वर लिहिलंय पोर्तुगीज, हे काय आहे? चारचौघांत उभं राहून सांगायचं, ही मराठी आहे. मग खुशाल गा."

"आणि चपलेचं?" आईनं विचारलं.

"तेही सांगायचं. खरं आहे ते."

मला आजवर कुणी घातलेल्या अटींतली ही सगळ्यात अवघड अट. रविवारी गाण्याच्या आधी मी माइकसमोर उभी राहिले. आग्नेलनं छातीवर क्रूस काढला. मी इंग्रजीत म्हणाले, "मंडळी, एक खुलासा करायचा आहे. हे गाणं पोर्तुगीज नाही. मराठी आहे. माझ्या आईची बाजाराची यादी आहे ही. आलं, लसूण, कोथिंबीर आणि माझ्या वडिलांची तुटकी चप्पल."

मग असा हशा उसळला की बादलच्या झांजा आपोआप किणकिणल्या. लोक एकमेकांच्या खांद्यावर डोकं टेकून हसत होते. "वडिलांची चप्पल! काय विनोदी बाई आहे!" त्यानंतर दर रविवारी फर्माईश यायची, आधी तो चपलेचा जोक सांगा, मग गाणं.

आप्पांना मी सगळा वृत्तांत दिला. ते विचार करून म्हणाले, "आपण नोंद बरोबर केली. लोकांनी वाचली नाही, त्याला आपण काय करणार?" आणि त्यांनी कानातला कापूस कायमचा बंद केला.

कंपनीला अर्थातच दुसरं पोर्तुगीज गाणं हवं होतं. या खेपेला आम्ही रीतसर कवयित्रीकडून शब्द घेतले, म्हणजे आईकडून. तिनं आठवडाभर बसून दिवाळीच्या फराळावर दहा कडवी लिहिली. यमकं जुळलेली, चकलीला उपमा दिलेली, करंजीत चंद्र आलेला. कागदावर ते इतकं सुरेख होतं की कुणाच्या पायांना काही कळेचना. तबकडी निघाली आणि पडली. आई म्हणाली, "विचार करून लिहिलं ना, तिथेच चुकलं." पण तिला लागलं होतं. पुढे कितीतरी दिवस ती बाजाराची यादी तोंडीच सांगायची.

सिरिलला मात्र पहिल्या गाण्याचंच जास्त लागलेलं होतं. ते मला फार उशिरा कळलं. गाणं चालत होतं तोवर तो हसतमुखानं वाजवायचा, पण त्याच्या बहिणीच्या धुनेची फर्माईश कधी म्हणून आली नाही. मीही ती कधी सुचवली नाही. टाळ्या मला पडत होत्या, आणि टाळ्या पडत असल्या की माणसाला शेजारच्या माणसाचं तोंड दिसत नाही. याची खंत मला आजही आहे.

सत्तरीचं दशक पुढे सरकलं तसं आमचं फ्लोअर विरळ होत गेलं. दुपारी-तिपारी वीज जायची. पंखे बंद, माइक बंद. घामाघूम होऊन कोण नाचणार? जागेवर कर वाढले, मालकाला बँडपेक्षा जास्तीची टेबलं परवडू लागली. आग्नेल मुंबईला गेला. आणि एका रविवारी सिरिलनं सांगितलं की त्याचाही ऑस्ट्रेलियाला जायच्या परवानगीचा कागद आला आहे.

शेवटच्या सेशनला बरेच जुने लोक आले. आई-आप्पाही आले, आयुष्यात पहिल्यांदा. आप्पांनी वेटरला विचारून घेतलं की कॉफीत अंडं नसतं ना. सिरिलनं आधीच मालकाला बजावलं होतं, आज 'आला लासून' नाही. आरडाओरडा झाला, त्यानं ऐकलं नाही. दोनला दहा मिनिटं असताना वीज गेली. अर्धवट अंधारात त्यानं सॅक्सोफोन ओठाला लावला आणि 'मॅव्हिस' वाजवली.

फ्लोअर पूर्ण रिकामं झालं. इतकी वर्षं पाय बघायची सवय, आणि तिथे एकही पाय नव्हता. मग मी त्याची शिकवण मोडून चेहऱ्यांकडे पाहिलं. सगळे ऐकत होते. वेटर ट्रे धरून जागच्या जागी उभे होते. धून संपली तरी कुणी टाळी वाजवेना, म्हणून शेवटी आप्पांनी सुरुवात केली.

लोक भेटून, हात मिळवून खाली उतरले. आम्ही सामान आवरायला लागलो. सिरिल पाठ करून वाद्य पुसत होता, ते संपतच नव्हतं. इतक्यात खालच्या फुटपाथवरून आवाज आला. जिना उतरलेली मंडळी तिथे घोळका करून गात होती, टाळ्यांवर, बँडशिवाय, "आला लासून कोतिम-बीऽऽअर!"

सिरिलचा हात थांबला. मला भीती वाटली, आजच्या दिवशी तरी नको होतं हे. तो तरातरा खिडकीशी गेला, तावदान ढकललं आणि कंबरेपर्यंत बाहेर वाकून ओरडला, "टू फास्ट! टू फास्ट, मॅन! चा-चा-चा है, घोड़े की रेस नहीं!"

खाली सगळे थबकून वर बघायला लागले. सिरिलनं बाही मागे सारली, हात उंच धरला, आणि पार्क स्ट्रीटच्या भर दुपारी त्यांना सावकाश चार मोजून दिले.